नाईटला लागण्याआधी

चि. मुलीस अनेक आशीर्वाद.

ड्युटी लिस्टचा फोटो पाहिला. सलग सहा नाईट, आणि खाली तुझा मेसेज : 'सिस्टर, सवय होईल ना?'

नाही होणार. वॉर्डात सगळ्या जणी 'होते गं' म्हणतील. मीही कितीतरी पोरींना तसंच सांगून नाईटला पाठवलं. तेहतीस वर्षांच्या नोकरीत मला सवय झाली ती जागं राहण्याची. शरीराला शेवटपर्यंत झाली नाही, आणि हा फरक मला फार उशिरा कळला.

तू रोज भरतेस तो टीपीआर चार्ट, म्हणजे ताप, नाडी, श्वासाचा तक्ता, बघ. ताप नसलेल्या पेशंटचंसुद्धा टेम्परेचर दिवसभर एका रेघेत राहत नाही. संध्याकाळी थोडं वर, पहाटे चार-पाचच्या सुमाराला सगळ्यात खाली. रात्री झोपेत बीपी दहा ते वीस टक्के उतरतं. दम्याचा पेशंट उठून बसतो तो बहुतेक वेळा पहाटे, आणि हार्ट अटॅकच्या केसेस सकाळच्या वेळी जास्त येतात. हे सगळं आतल्या घड्याळाचं काम. डोळ्यांच्या नसा मेंदूत जिथे एकमेकींना ओलांडतात, त्याच्या अगदी वर वीसेक हजार पेशींचा एक पुंजका आहे. तिथून ते चालतं.

हे घड्याळ किती हट्टी आहे बघ. १७२९ साली फ्रान्समध्ये द मेराँ नावाच्या शास्त्रज्ञाने लाजाळूचं रोप अंधारात ठेवलं, तरी पानं वेळ झाली की मिटायची, वेळ झाली की उघडायची. १९६२ मध्ये मिशेल सीफ्र हा फ्रेंच तरुण घड्याळाशिवाय दोन महिने गुहेत राहिला. बाहेर आला १४ सप्टेंबरला, आणि त्याच्या हिशेबाने तारीख होती २० ऑगस्ट. डोक्यातला हिशेब पंचवीस दिवसांनी चुकला, पण त्याचं झोपणं-उठणं साधारण चोवीस तासांच्याच फेऱ्यात चाललं होतं. पुढे फळमाशीत या घड्याळाची जनुकं सापडली आणि २०१७ चं नोबेल हॉल, रॉसबॅश आणि यंग यांना मिळालं.

माणसाचं घड्याळ चोवीस तासांपेक्षा दहाएक मिनिटं लांब चालतं. डोळ्यांत शिरणारा उजेड ते रोज जुळवून घेतो. सवय होत नाही ती इथेच. तू रात्रभर जागून मोठ्या कष्टाने घड्याळ थोडं पुढे ढकलतेस, आणि सकाळी गेटबाहेर पडलीस की ऊन त्याला पुन्हा दिवसावर आणून ठेवतं. उरलंसुरलं नाईट ऑफला बाजार, पाहुणे, लग्नं करून आपणच पुसून टाकतो. म्हणून घड्याळ उलटं करायच्या फंदात पडू नको. नुकसान कमी कर, बस. आणि इन्चार्जकडे एक मागणी जरूर कर : ड्युट्या सकाळ, दुपार, मग नाईट अशा क्रमाने लावा. दिवस लांबवणं शरीराला जमतं, आखूड करणं जड जातं.

आता खाण्याचं. लिव्हरला, पॅन्क्रियासला आपापली घड्याळं आहेत आणि रात्री इन्सुलिन नीट काम करत नाही. तोच वडापाव रात्री तीनला खाल्लास तर शुगर दुपारपेक्षा जास्त चढते. आमच्या वॉर्डात अडीचला चहा, खारी, फरसाण, कुणाचा वाढदिवस असला की केक. मला पंचेचाळिशीत डायबेटिस निघाला. आईलाही होता, त्यामुळे सगळं खापर नाईटवर फोडत नाही, पण खारीचा डबा निष्पाप होता असंही नाही म्हणणार. घरून जेवून नीघ. मध्यरात्रीनंतर पहाटेपर्यंत अगदी थोडं खा, आणि चहा तीनच्या आत संपव.

कॅन्सरचं तू कुठेतरी वाचशीलच, म्हणून मीच सांगते. जागतिक आरोग्य संघटनेच्या कॅन्सर संशोधन संस्थेने २००७ मध्ये रात्रपाळी 'बहुधा कॅन्सरकारक' या गटात टाकली आणि २०१९ मध्ये तिथेच ठेवली. म्हणजे तुला होईलच असं नव्हे. छातीत गाठ हाताला लागली तर मात्र 'बघू नंतर' म्हणायचं नाही. पुरे एवढं.

मला जास्त भीती वाटते ती पहाटेच्या तीन तासांची. एकदा साडेपाचला मी एका आजींचं इन्सुलिन भरलं. कुपी एका मिलीत शंभर युनिट असलेली, हातात सिरिंज लाल टोपीची, मिलीला चाळीसच्या खुणांची. डोस अडीचपट झाला असता. आजी घरी स्वतःच सुई घेणाऱ्या. म्हणाल्या, 'आज एवढं जास्त कसं गं?' मला झोप आली होती असंही आठवत नाही. तेच तर वाईट, त्या वेळी आपल्याला आपण ठीकच वाटतो. तीन ते सहा इन्सुलिन, पोटॅशियम, रक्त पातळ करणारं हेपॅरिन दुसऱ्या कुणाला दाखवल्याशिवाय देऊ नको.

घरी खिडकीच्या काचांना काळा कागद चिकटव आणि बेल बंद ठेव. दिवसाची झोप तरीही कमीच पडते. माझ्या सासूबाई दार अगदी हळू लावायच्या, पण कुकरला शिट्टी असतेच. 'दिवसभर लोळते' म्हणणारे नातेवाईक भेटतील. त्यांना उत्तर देण्यात झोप घालवू नको. निघताना गॉगल लाव म्हणजे ऊन लागत नाही, असं सांगतात. बसने जाणार असशील तर लाव. स्कूटरवर, डोळे मिटत असताना, मुळीच नको. शेवटच्या नाईटनंतर चेंजिंग रूममध्ये वीस मिनिटं पडून मगच किल्ली हातात घे. झोपेसाठी मेलाटोनिनच्या गोळ्या मनाने घेऊ नको.

आणि पेशंटलाही घड्याळ असतं गं. आयसीयूत चोवीस तास लख्ख दिवे, मग म्हातारी माणसं रात्री बरळतात, सलाईन उपटतात, आणि आपण त्यांचे हात बांधतो. दहाला वॉर्डाचे दिवे कमी कर, राऊंड टॉर्चवर घे. सकाळी पडदे तूच उघड, मावशींची वाट बघू नको.

सोमवारी दुपारी दीड-दोन तास झोपून मगच जा. कशी गेली ते मंगळवारी कळव, पण फोन संध्याकाळी पाचनंतर. त्याआधी वाजला तर मी उचलणार नाही.

तुझी,
जुनी इन्चार्ज सिस्टर