बालवाडीचा पहिला आठवडा: नव्या ताईसाठी

अगं, जूनच्या पहिल्या दिवशी वर्ग रडणारच, त्याने खचू नकोस. एक रडलं की शेजारचं सुरू होतं. म्हणून जे जोरात रडतंय त्याला आधी कडेवर घे आणि व्हरांड्यात फिरवून आण. 'गप्प बस' म्हणू नकोस. 'आईची आठवण येते ना?' असं विचार, हुंदके आपोआप कमी होतात.

पालक मूल खेळात रमलं की हळूच सटकतात. ते अजिबात चालू देऊ नकोस. मान वर केली आणि आई नाही, की मूल दुसऱ्या दिवशी पदर सोडत नाही. आईने सांगूनच जावं. 'अकरा वाजता येते' याला तीन वर्षांच्या पोराच्या लेखी अर्थ नाही. 'खाऊ खाल्ला की येते' म्हणावं, आणि खरंच यावं.

आपल्या सोलापुरात, त्यातही पूर्व भागात, पुष्कळ पोरं घरी तेलुगू बोलतात, काही कन्नड. पाणी हवंय म्हणून 'नीळ्ळु' म्हणणाऱ्या लेकराला कुणी समजून घेतलं नाही तर ते रडणारच. पाणी, शू, भूक, आई एवढे शब्द आयांकडून आधीच विचारून ठेव.

जास्तीच्या चड्ड्या कपाटात असू देत. पाटी-पेन्सिल पहिल्या आठवड्यात काढूच नकोस. वाळू, पाणी, गाणी पुरेत. कुणी 'अजून एबीसीडी नाही?' विचारलं तर सांग, २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणातही या वयाला खेळातूनच शिकवायला सांगितलंय.

आणि सोमवारी पुन्हा रडारड होईल, रविवारच्या सुट्टीमुळे. तयारीत राहा.