समाजावर लिहायचं, तर पदवी कशाची घ्यावी?

बीड जिल्ह्यातल्या केज तालुक्यातून एका वडिलांचं पत्र आलं आहे. त्यांची मुलगी यंदा विज्ञान शाखेतून बारावी झाली. शेजारच्या वस्तीवरच्या ऊसतोड मजुरांवर ती कथा लिहिते आणि आता मराठीत बी.ए. करून लेखिकाच व्हायचं म्हणते. वडील विचारतात : यावर पोट भरतं का? समाजाच्या प्रश्नांवर लिहायचं तर चळवळीत पडावंच लागतं का? आणि खऱ्या माणसांवर लिहून कोर्टकचेरी मागे लागली तर?

नमस्कार.

पोटाचं आधी बोलू. नाही भरत. नव्या लेखकाच्या पुस्तकाच्या पाचशे प्रती निघाल्या, किंमत 300 रुपये ठेवली आणि दहा टक्के मानधन ठरलं, तर सगळ्या प्रती खपल्यावर हातात 15 हजार रुपये येतात. तेवढ्यासाठी दोन-तीन वर्षं लिहिलेलं असतं. त्यामुळे लेखन की नोकरी, हा वाद घरात घालूच नका. लेखनाला खाद्य पुरवेल अशी नोकरी कोणती, एवढंच ठरवायचं आहे.

समाजावर टिकाऊ लिहिणाऱ्यांची पोटाची कामं पाहा. अनिल अवचट एम.बी.बी.एस. झालेले. अरुण साधू बातमीदार होते, म्हणून सत्तेच्या आतल्या हालचाली त्यांच्या कादंबऱ्यांत इतक्या बारकाईने आल्या. देवदासी-जोगत्यांवर लिहिणारे राजन गवस मराठीचे प्राध्यापक होते. बंगालीत आदिवासींवर लिहिणाऱ्या महाश्वेतादेवी कलकत्त्याच्या कॉलेजात इंग्रजी शिकवत.

म्हणून माझा सल्ला असा : बी.ए. जरूर करू द्या, पण मुख्य विषय समाजशास्त्र किंवा अर्थशास्त्र घ्या आणि मराठी जोडविषय ठेवा. मराठीचा अभ्यासक्रम साहित्य कसं वाचायचं ते शिकवतो; मजुराचा हिशेब कसा वाचायचा, ते शिकवणं त्याचं काम नाही. पुढे एम.एस.डब्ल्यू. (समाजकार्यातली पदव्युत्तर पदवी) करता येईल. पुण्यात कर्वे समाज सेवा संस्था आहे, मुंबईत निर्मला निकेतन आहे, आणि तुमच्या जवळ म्हणजे तुळजापूरला टाटा सामाजिक विज्ञान संस्थेचं संकुल आहे (तिथले प्रवेश सीयूईटी या सामायिक प्रवेश परीक्षेतून होतात, माहितीपत्रक त्या-त्या वर्षीचंच पाहा). एम.एस.डब्ल्यू.मध्ये क्षेत्रकार्य सक्तीचं असतं. वस्तीत जायचं, नोंदी लिहायच्या, त्या तपासून घ्यायच्या. लेखिकेला याहून चांगली तालीम कुठे मिळणार? पुढे स्वयंसेवी संस्थांत अहवाल-दस्तऐवजीकरण, पत्रकारिता, अनुवाद अशी कामं मिळतात. प्राध्यापकी मात्र हुकमी समजू नका. पदव्युत्तरला 55 टक्के आणि नेट किंवा सेट ही पात्रता परीक्षा झाल्यावरही तासिका तत्त्वावर वर्षानुवर्षं काढणारे बरेच आहेत.

आता तिच्या कथांबद्दल. तुम्ही पाठवलेल्या दोन्ही कथांत मजूर बाई सोसते, रडते आणि शेवटी मरते. भाषा तिची चांगली आहे, पण बाई का मरते ते कथेत कुठेच नाही. नवशिक्या सामाजिक लेखनाचं घोडं इथेच अडतं : दुःख दिसतं, ते कशातून आलं हे दिसत नाही.

कारण व्यवहारात असतं. पावसाळ्यात मुकादम, म्हणजे कारखान्याला मजूर पुरवणारा ठेकेदार, उचल (आगाऊ रक्कम) देतो. ती एकट्या माणसाला नाही, ‘कोयत्या’ला, म्हणजे नवरा-बायकोच्या जोडीला. बाईची मजुरी वेगळी मोजलीच जात नाही. उचल फेडायची ती टनामागे ठरलेल्या दराने ऊस तोडून. एखाद्या दिवशी कामावर गेलं नाही की खाडा पडतो, म्हणजे त्या दिवसाची मजुरी बुडतेच, वर दंड अंगावर चढतो. हंगाम संपला आणि उचल फिटली नाही, तर बाकी पुढच्या सालात ओढली जाते. आता 2019 मध्ये गाजलेला बीडच्या बायकांच्या गर्भाशयाच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न यात ठेवून बघायला सांगा. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली त्यावर समिती नेमली गेली होती. पाळीच्या त्रासात सुट्टी घेतली तर खाडा, फडाजवळ, म्हणजे तोड चालू असलेल्या उसाच्या शेताजवळ, ना संडास ना पाणी, आणि पिशवी काढली नाही तर कॅन्सर होईल अशी भीती घालणारा डॉक्टर. एवढं कळलं की कथेला खलनायक शोधावा लागत नाही. मुकादमसुद्धा कारखान्याचा करार अंगावर घेऊन बसलेला, मजूर पळून गेले की बुडणारा माणूस म्हणून उभा राहतो.

हे गोळा कधी करायचं? फडात नाही. तिथे पहाटे अंधारात तोड सुरू होते, गाडी भरायला रात्रही होते. त्या माणसांना थांबवून मुलाखत घेणं म्हणजे त्यांची मजुरी खाणं. मजूर बहुतेक दसरा-दिवाळीच्या सुमारास जातात आणि उन्हाळ्यात परततात. जून ते सप्टेंबर ते तुमच्याच शिवारात असतात, आणि उचलीची बोलणीही याच दिवसांत चालतात. तिने एक वही ठेवावी. डाव्या पानावर ऐकलेलं जसंच्या तसं, बोलीसकट. उजव्या पानावर आपलं मत. दोन्हींची सरमिसळ झाली की सहा महिन्यांनी काय ऐकलं आणि काय कल्पिलं हे तिचं तिलाच सांगता येणार नाही. पहिल्या भेटीत मोबाइलवर रेकॉर्डिंग नको. नंतर करायचं तर विचारून. कुणाचे पैसे, दवाखान्याचे कागद, आजार लिहिणार असेल, तर लिहिलेलं त्या व्यक्तीला आधी वाचून दाखवायचं.

सरकारी बाजू माहितीच्या अधिकारातून मिळते. अर्जाला 10 रुपये शुल्क, उत्तराची मुदत 30 दिवस. महाराष्ट्रात अर्ज 150 शब्दांच्या आत आणि एकाच विषयावर असावा लागतो. बरेच अर्ज इथेच फेटाळले जातात. ‘ऊसतोड मजुरांची माहिती द्या’ असं मोघम लिहू नये. ‘केज तालुक्यातल्या संत भगवानबाबा शासकीय वसतिगृहांची (ही ऊसतोड मजुरांच्या मुलांसाठी आहेत) मंजूर क्षमता आणि आजची पटसंख्या’ असं नेमकं मागावं.

चळवळीचं म्हणाल, तर सक्ती कुणाचीच नाही, पण लेखन माणसाला कधी कधी तिकडे ओढून नेतं. गर्द या अमली पदार्थाच्या व्यसनाचा विषय हाती घेतल्यावर अवचट लिहून थांबले नाहीत. 1986 मध्ये पुण्यात पत्नी सुनंदा अवचट यांच्यासह मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्र सुरू झालं. महाश्वेतादेवींनी ‘बोर्तिका’ या नियतकालिकात शेतमजूर आणि रिक्षावाल्यांनाच लिहितं केलं. 1998 मध्ये पश्चिम बंगालमधल्या पुरुलियात विमुक्त जमातीतला बुधन शबर पोलीस कोठडीत मारला गेल्यावर त्या, भाषाभ्यासक गणेश देवी आणि ‘उचल्या’कार लक्ष्मण गायकवाड यांनी मिळून विमुक्त-भटक्यांच्या हक्कांसाठी गट उभारला. हे सगळे तोवर वयाने आणि कामाने पिकलेले होते. अठराव्या वर्षी तिने झेंडा घ्यायची घाई नको, पण पुढेमागे तिने घेतला, तर ‘लेखिका होतीस ना?’ असं म्हणून अडवूही नका.

कोर्टाची भीती अगदीच अनाठायी नाही. बदनामीचं कलम (भारतीय न्याय संहिता, 356) कथेलाही लागू शकतं. नुसतं नाव बदलून भागत नाही. ‘अमुक गावातला एकच डॉक्टर’ असं लिहिलं तरी माणूस ओळखू येतो. म्हणून गाव, हुद्दा, घरची माणसं असं सगळंच बदलावं, किंवा तिघांचा मिळून एक माणूस करावा. रिपोर्ताजमध्ये, म्हणजे प्रत्यक्ष पाहून-ऐकून लिहिलेल्या वृत्तलेखात, खरं नाव घेऊन आरोप करायचा असेल, तर हातात कागद हवा, आणि समोरच्याला विचारून त्याचं म्हणणंही छापावं.

सध्या पुस्तकाचा विषय घरात नको. दिवाळी अंकांचं साहित्य साधारण जून ते ऑगस्टमध्ये जमा होतं. अडीच-तीन हजार शब्दांची एक कथा युनिकोडमध्ये टाइप करून एकाच वेळी एकाच अंकाला पाठवावी. छोट्या अंकांकडून मानधन येईलच असं नाही, कित्येकदा फक्त अंक घरी येतो. ‘साधना’, ‘मिळून साऱ्याजणी’ यांच्या जुन्या अंकांतले रिपोर्ताज तिने त्याआधी वाचावेत. आणि पाठवलेल्या दोन कथांपैकी दुसरी, मुकादमाच्या घरच्या लग्नाची, तिने उचलीचा हिशेब मांडून पुन्हा लिहावी. त्या लग्नाचा खर्च कुठून आला, हे कथेत अजून कुणी विचारलेलंच नाही.