काचा कुठे पडल्या होत्या?

प्रश्न : माझे यजमान (वय 38) मोटारसायकलवरून दूध गोळा करून डेअरीला घालतात. गेल्या गाळप हंगामात ते बार्शीहून कुर्डुवाडीकडे निघाले असताना, समोरून उसाच्या ट्रॅक्टरला ओव्हरटेक करत आलेल्या पिकअपने त्यांना उडवले. उजव्या मांडीचे हाड मोडले, रॉड घातला. आम्ही सगळे दवाखान्यात, म्हणून फिर्याद पाचव्या दिवशी दिरांनी दिली. तीत ‘समोरासमोर धडक’ असे लिहिले गेले. दावा चार महिन्यांत दाखल केला. आता विमा कंपनीचे वकील म्हणतात, फिर्याद उशिरा, लायसन्सची मुदत संपलेली, डोक्यावर हेल्मेट नाही, तेव्हा निम्मी चूक तुमची. अडीच लाख घ्या आणि मिटवा. घ्यावेत का? पंचनाम्याची झेरॉक्स सोबत आहे.
— एक वाचक भगिनी, बार्शी तालुका

उत्तर : ताई, घाईने कशावरही सही करू नका. मोटार वाहन कायद्याच्या कलम 164 खाली गंभीर दुखापतीला अडीच लाख रुपये कोणाची चूक हे सिद्ध न करताच मिळतात, म्हणजे यात कोणी उपकार करत नाही. पण ती रक्कम त्या कलमाखाली स्वीकारली की कलम 166 चा तुमचा दावा तिथेच संपतो. दुधाचे कॅन उचलून पोट भरणाऱ्या माणसाने हा सौदा विचार करून करावा.

166 खाली मात्र समोरच्याचा निष्काळजीपणा दाखवावा लागतो. फौजदारी खटल्यासारखा निःसंशय नव्हे. कोणाची हकीकत जास्त संभवनीय, एवढेच न्यायाधिकरण बघते.

कंपनीच्या तीन हरकतींनी घाबरू नका. माणूस ऑपरेशन थिएटरात असताना घरच्यांनी आधी पोलीस ठाणे गाठायला हवे होते, असे न्यायालये म्हणत नाहीत. सर्वोच्च न्यायालयाने 2011 मध्ये हे स्पष्ट केले आहे. लायसन्स नव्हते म्हणजे गाडी चुकीची चालवली, असे होत नाही. दंड भरावा लागेल, तो वेगळा. आणि हेल्मेट? मांडी मोडली आहे हो!

मला काळजी आहे ती ‘समोरासमोर’ची. असे वाचले की दोघांची चूक निम्मी-निम्मी धरण्याकडे कल जातो. पण दिरांनी अपघात पाहिलेलाच नाही, आणि ऐकीव फिर्याद म्हणजे पुरावा नव्हे. खरा आधार तुम्ही पाठवलेल्या पंचनाम्यात आहे. डांबरी रस्ता 22 फूट रुंद. काचांचे तुकडे आणि सांडलेले दूध दक्षिण कडेपासून 5 फुटांवर. यजमान पश्चिमेकडे चालले होते, तेव्हा त्यांची डावी बाजू दक्षिणेचीच. म्हणजे ते आपल्या बाजूला, तेही कडेला होते. पिकअप मधली रेषा ओलांडून सहा फूट आत आली होती. हवालदाराने टेप लावून मोजले, त्याचे आभार माना. ‘रस्त्याच्या मधोमध’ एवढेच खरडलेले पंचनामे मी पुष्कळ पाहते. आरटीओच्या तपासणीत पिकअपचा उजवा कोपरा चेपल्याचे निघाले, तर त्यावर फार भिस्त ठेवू नका. उजव्याला उजवे कुठेही लागू शकते. कोण कोणाच्या हद्दीत होते, हे त्यावरून ठरत नाही.

पण कागद आपोआप बोलत नाहीत. पंचनामा आणि दोषारोपपत्राच्या सहीशिक्क्याच्या नकला दाखल करा, आणि यजमानांनी स्वतः साक्षीला उभे राहावे. उलटतपासणीत ‘ट्रॅक्टर किती फुटांवर होता?’ असे विचारतील. ठाऊक नसेल तर ‘सांगता येणार नाही’ म्हणावे. अंदाजाने आकडा फेकला की पुढचे चार प्रश्न त्याच आकड्यावर येतात. विमा कंपनीचा वकील कितीही सुचवो, तो पुरावा होत नाही. पिकअपचा ड्रायव्हर साक्षीला आलाच नाही, तर ती गोष्ट त्यांच्याविरुद्ध धरावी, असा युक्तिवाद तुमच्या वकिलांनी जरूर करावा.

ट्रॅक्टरवाल्याने सगळे अगदी जवळून पाहिले. पोलिसांनी त्याचा जबाब घेतला असेल तरी नुसता जबाब चालत नाही, त्याला कोर्टात यावे लागेल. पुढच्या तारखेआधी त्याच्या नावे समन्स मागा. हंगाम संपल्यावर ही माणसे आपापल्या गावी जातात, मग पत्ता काढण्यातच महिने जातात.