‘-शील’, ‘-योग्य’ आणि ‘-पूरक’: पिशवीवरचे हिरवे शब्द

नागपुरातल्या एका महिला बचत गटाच्या ताईंचा प्रश्न आहे. गट भिवापुरी मिरचीचं तिखट आणि सावजी मसाला करतो. पॅकिंगच्या पिशव्या पुरवणाऱ्याने त्यांवर ‘इको-फ्रेंडली, बायोडिग्रेडेबल, कंपोस्टेबल, रिसायकलेबल’ असं ओळीने छापून दिलंय. ताईंना लेबल मराठीत हवं आहे. या चौघांना नेमके मराठी शब्द कोणते? ‘जैवविघटनशील’ एवढं एकच लिहिलं तर बाकीचे त्यात आले असं समजायचं का? आणि मसाला ‘ऑर्गॅनिक’ आहे हे सांगताना ‘सेंद्रिय’ लिहावं की ‘जैविक’?

मधल्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो: नाही, येत नाहीत. चारही शब्द वेगवेगळं सांगतात. त्यातले दोन तर एका पिशवीवर सहसा एकत्र नांदूच शकत नाहीत.

ताई, हा फरक मराठीत शब्दाच्या शेपटाशी दिसतो. ‘-शील’ म्हणजे स्वभाव: सहनशील, विचारशील. वस्तू ते आपलं आपण करते. ‘-योग्य’ म्हणजे तिच्यावर कुणी काही केलं तर ते होऊ शकतं, एवढंच. पिण्यायोग्य पाणी असलं तरी ते कुणीतरी प्यावं लागतं. ‘-पूरक’ म्हणजे कमी पडलेलं भरून काढणारं: पूरक आहार, पूरक परीक्षा. म्हणून ‘जैवविघटनशील’ हा पिशवीच्या गुणाचा दावा झाला, ‘कंपोस्टयोग्य’ आणि ‘पुनर्चक्रणयोग्य’ हे शक्यतेचे दावे झाले, आणि ‘पर्यावरणपूरक’ हे बहुतेक वेळा स्वतःच स्वतःला दिलेलं प्रशस्तिपत्रक.

‘जैवविघटनशील’मधला ‘जैव’ गाळू नका. विघटन उन्हानेही होतं, पाण्यानेही होतं. जिवाणू आणि बुरशीने केलं तर ते जैवविघटन. आपल्याकडे या प्रकारांना कितीतरी साधी क्रियापदं आहेत आणि ती एकमेकांच्या जागी चालत नाहीत. साखर पाण्यात विरघळते. मातीचा गणपती विरघळत नाही. तो भिजून सुटतो आणि गाळ होऊन तळाशी बसतो. पळसाची पत्रावळ कुजते. आणि छपरावर बांधलेली प्लास्टिकची पन्नी दोन उन्हाळ्यांत कडक होते, तिचा चुरा होतो. तो चुरा प्लास्टिकचाच असतो. नेमक्या या चुऱ्यालाच विघटन म्हणवून ‘ऑक्सो-डिग्रेडेबल’ पिशव्या विकल्या गेल्या. साध्या प्लास्टिकात एक द्रव्य मिसळलं की त्याचे लवकर तुकडे पडतात, एवढाच त्यातला चमत्कार. युरोपीय संघाने २०१९च्या निर्देशात अशा वस्तूंवर बंदी आणली, ती जुलै २०२१पासून लागू झाली. आपल्याकडे प्लास्टिक कचरा व्यवस्थापन नियमांत मार्च २०२४मध्ये दुरुस्ती झाली. तिने जैवविघटनशील प्लास्टिकच्या व्याख्येतच अट घातली की मागे सूक्ष्म प्लास्टिक उरता कामा नये.

‘बायोडिग्रेडेबल’साठी माझा आवडता शब्द ‘कुजणारी’. कोशात असला नसला तरी विदर्भातल्या कुठल्याही शेतकऱ्याला तो समजावून सांगावा लागत नाही. ‘तिखटाच्या पुडीवर कुजणारी लिहिलं तर कोण घेईल?’ असं तुम्ही म्हणाल, आणि ते बरोबरच आहे. गावात चांगल्या कुजलेल्या शेणखताला भाव येतो, शहरात तोच शब्द नाक मुरडायला लावतो. तेव्हा लेबलावर ‘जैवविघटनशील’ चालू द्या, पण पुरवठादाराशी बोलताना ‘भाऊ, ही पिशवी कुजते का? कुठे? किती दिवसांत?’ असंच विचारा. ‘बायोडिग्रेडेबल आहे का?’ असं विचारलं की ‘हो’ एवढंच उत्तर मिळतं.

आता ‘कंपोस्टेबल’. हा शब्द चौघांत सर्वांत नेमका आहे, आणि म्हणूनच सर्वांत जास्त फसवतो. त्याच्यामागे मोजमाप आहे. आयएस १७०८८ या भारतीय मानकाप्रमाणे ही वस्तू औद्योगिक कंपोस्टिंगच्या परिस्थितीत तपासतात. प्रयोगशाळेत साधारण ५८ अंश सेल्सिअस तापमान सतत राखलं जातं, ओल आणि हवा बेताची ठेवली जाते. त्यात १८० दिवसांच्या आत वस्तूतला निदान ९० टक्के सेंद्रिय कार्बन कार्बन डायऑक्साइड होऊन गेला पाहिजे. शिवाय १२ आठवड्यांनंतर चाळणीवर मोठे तुकडे जवळपास उरता कामा नयेत, आणि तयार खताने रोपांना इजा होता कामा नये.

अठ्ठावन्न अंश! नागपूरचा नवतपासुद्धा (उन्हाळ्यातले सर्वांत कडक नऊ दिवस) तिथवर जात नाही, आणि गेला असता तरी त्या कोरड्या उन्हात काही कुजत नाही. मोठ्या ढिगाच्या पोटात हे तापमान तयार होतं. बाल्कनीतल्या कुंडीत ते टिकत नाही. म्हणजे मानकाला खरी उतरलेली पिशवीही घरच्या कुंडीत महिनोन्‌महिने तशीच राहू शकते. यात पिशवी खोटं बोलत नाही, आपण ‘-योग्य’ वाचायचं विसरतो. म्हणून ‘कंपोस्टेबल’ला मी ‘खत होणारी’ म्हणेन, पण पुढे अट जोडूनच: ‘औद्योगिक खत प्रकल्पात खत होणारी’. लांब आहे, मान्य. पण अट काढली की अर्थच जातो.

इथे कायद्याची बाजूही बघा. कंपोस्टयोग्य प्लास्टिकच्या कॅरीबॅगवर ‘कंपोस्टेबल’ हा शब्द, उत्पादकाचं नाव आणि प्रमाणपत्राचा क्रमांक हवा; ते प्रमाणपत्र केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाचं असतं. साध्या प्लास्टिकच्या कॅरीबॅगला ३१ डिसेंबर २०२२पासून १२० मायक्रॉनची किमान जाडी लागते. कंपोस्टयोग्य कॅरीबॅगला ही अट नाही. बाजारात पातळ पिशवीवर हा शब्द एवढ्या प्रेमाने का छापला जातो, ते यावरून कळावं. तुमच्या पुरवठादाराकडे प्रमाणपत्राची प्रत मागा. ती नसेल तर मराठी शब्द शोधायचा त्रासच नको.

‘रिसायकलेबल’पाशी मराठीत एक जुना गोंधळ आहे. बातम्यांत त्याला सर्रास ‘पुनर्वापरयोग्य’ म्हणतात. पुनर्वापर म्हणजे तीच वस्तू त्याच रूपात पुन्हा वापरणं: लोणच्याची बरणी धुऊन त्यात तूरडाळ भरणं. रिसायकल म्हणजे ती वितळवून, कुटून, लगदा करून तिचं दुसरं काही बनवणं. त्याला पुनर्चक्रण म्हणा किंवा पुनर्प्रक्रिया म्हणा, पण पुनर्वापर नको. दुसरा घोळ ‘पुनर्चक्रणयोग्य’ आणि ‘पुनर्चक्रित’ यांचा. पहिला उद्याची आशा सांगतो, दुसरा काल घडलेली गोष्ट. जुन्या प्लास्टिकपासून केलेल्या कॅरीबॅगवर ‘रिसायकल्ड’ असं छापणं नियमानेच बंधनकारक आहे, आणि त्यासाठी आयएस १४५३४ हे वेगळं मानक आहे.

बाणांच्या त्रिकोणावर तर मुळीच विसंबू नका. तीन बाणांचं चिन्ह गॅरी अँडरसन या अमेरिकी विद्यार्थ्याने १९७०मध्ये कागदाच्या पुनर्चक्रणासाठी भरलेल्या स्पर्धेत काढलं. १९८८मध्ये अमेरिकेतल्या प्लास्टिक उद्योगाच्या संघटनेने त्याच धर्तीच्या बाणांमध्ये १ ते ७ आकडे घातले. तो आकडा फक्त प्लास्टिकची जात सांगतो: १ म्हणजे पाण्याच्या बाटलीचं पेट, ५ म्हणजे पॉलिप्रॉपिलीन, ७ म्हणजे ‘इतर’. बाण बघून लोकांना वाटायचं की सगळंच रिसायकल होतं. शेवटी २०१३मध्ये तिथल्या मानकात बाण काढून साधा भरीव त्रिकोण आणला. जुने साचे अजून सगळीकडे चालू आहेत, ती गोष्ट वेगळी.

मसाल्याच्या पिशव्या बहुतेक दोन-तीन थरांच्या असतात. सुगंध आत राहावा आणि ओल आत जाऊ नये म्हणून वेगवेगळी प्लास्टिकं एकमेकांना चिकटवलेली असतात, कधी मधे धातूचा पातळ मुलामा असतो. हे थर वेगळे करणं फार अवघड, म्हणून त्यांना भंगारात किंमत नाही. अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनचा एक ठोकताळा आहे: निदान ६० टक्के ग्राहकांना जिथे ती वस्तू द्यायची सोय आहे, तिथेच विनाअट ‘रिसायकलेबल’ म्हणावं. आपला ठोकताळा आणखी सोपा आहे. इतवारीतला कबाडी ती वजनावर घेतो का? दुधाची पिशवी घेतो, पाण्याची बाटली घेतो. चमकदार आतल्या बाजूची पुडी तो बाजूला टाकतो. मग ती कागदोपत्री कितीही ‘योग्य’ असो.

एकत्र न नांदणारी जोडी म्हटलं ती हीच: ‘कंपोस्टेबल’ आणि ‘रिसायकलेबल’. खत होणारं प्लास्टिक नेहमीच्या प्लास्टिकच्या भंगारात मिसळलं तर तो सगळा माल बिघडतो. कागदाचं सोडा, पण प्लास्टिकच्या एकाच पिशवीवर हे दोन्ही शब्द दिसले तर छापणाऱ्याला दोन्हींचा अर्थ माहीत नाही असं खुशाल समजा.

उरला ‘इको-फ्रेंडली’. ‘पर्यावरणस्नेही’ शब्दशः केलेला, ‘पर्यावरणपूरक’ जास्त रुळलेला. गणेशोत्सवात तर तोच चालतो. व्याकरणाने दोन्ही ठीक आहेत. माझं मत विचाराल तर लेबलावर दोन्ही नकोत. चितारओळीत गणपती घ्यायला गेलं की ‘इको-फ्रेंडली’ची पाटी दिसते, पण ती मातीबद्दल आहे की रंगाबद्दल, हे विचारल्याशिवाय कळत नाही. ‘नैसर्गिक’ हा शब्द तर त्याहून निसरडा. प्लास्टर ऑफ पॅरिस जिप्सम भाजून करतात, आणि जिप्सम हे खनिज आहे. म्हणजे पीओपीची मूर्तीही ‘नैसर्गिक खनिजापासून’ म्हणून विकता येईल. ‘मातीची मूर्ती, पाण्यात सुटणारे रंग’ एवढं लिहिलं की काम होतं.

आता हा नुसता आवडीनिवडीचा प्रश्नही राहिलेला नाही. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ऑक्टोबर २०२४मध्ये दिशाभूल करणाऱ्या पर्यावरणीय दाव्यांबद्दल मार्गदर्शक तत्त्वं काढली. ‘ग्रीन’, ‘इको-फ्रेंडली’, ‘नॅचरल’, ‘ऑर्गॅनिक’, ‘सस्टेनेबल’ असे मोघम शब्द पुरेसा खुलासा आणि आधार दिल्याशिवाय वापरू नयेत, असं त्यांत आहे. ‘कंपोस्टेबल’, ‘रिसायकलेबल’, ‘अमुकमुक्त’ अशा नेमक्या दाव्यांना प्रमाणपत्र, भरवशाचा शास्त्रीय पुरावा किंवा त्रयस्थ तपासणी हवी. आणि दावा संपूर्ण मालाबद्दल आहे, त्याच्या एखाद्या भागाबद्दल आहे की फक्त वेष्टनाबद्दल, तेही सांगायचं. तुमच्या लेबलावर हाच मुद्दा अडेल: ‘पर्यावरणपूरक’ कोण, तिखट की पन्नी?

सरकारचा स्वतःचा ठसाही आहे. १९९१मध्ये ‘इकोमार्क’ आला, त्याचं चिन्ह मातीचा मटका. फारसा रुजला नाही. २०२४मध्ये त्याचे नवे नियम आले.

आता ‘सेंद्रिय’ की ‘जैविक’. मराठीत ‘सेंद्रिय’ लिहा. शब्दाची घडण ‘स + इंद्रिय’, म्हणजे इंद्रियं असलेलं. इंग्रजीतल्या ‘ऑर्गन’वरून ‘ऑर्गॅनिक’ झाला त्याच वाटेने आलेला. रसायनशास्त्रात सेंद्रिय म्हणजे कार्बनची संयुगं. त्या हिशेबाने पॉलिथिनची पन्नी अस्सल सेंद्रिय आहे! पण शेतीच्या संदर्भात अर्थ पक्का आहे, कुणी घोटाळत नाही. ‘जैविक’ आपल्याकडे हिंदीतून आणि अन्नसुरक्षा प्राधिकरणाच्या ‘जैविक भारत’ या चिन्हामुळे पसरला. नागपूरला हिंदी कानावर सतत असते, त्यामुळे तो इथे परकाही वाटत नाही. अडचण अशी की मराठी कृषी लेखनात ‘जैविक खत’ म्हणजे रायझोबियम, ॲझोटोबॅक्टर अशा जिवाणूंचं खत, आणि ‘सेंद्रिय खत’ म्हणजे शेणखत, गांडूळखत. जैविक वडील म्हणतो तेव्हा ते सेंद्रिय वडील नसतात, हेही आहेच. ‘नैसर्गिक शेती’ ही आणखी तिसरी. अमरावती जिल्ह्यातले सुभाष पाळेकर तिला सेंद्रिय शेतीपासून अगदी आग्रहाने वेगळं काढतात. हे तीन शब्द एकमेकांच्या जागी टाकू नका.

शब्द ठरला तरी तो छापायला हक्क लागतो. २०१७च्या सेंद्रिय खाद्यपदार्थ विनियमांप्रमाणे त्यासाठी एनपीओपी (राष्ट्रीय सेंद्रिय उत्पादन कार्यक्रम) किंवा पीजीएस-इंडिया (सहभागी हमी पद्धत) यांपैकी एका पद्धतीचं प्रमाणीकरण हवं. दुसरीत शेतकऱ्यांचे गटच एकमेकांची शेतं तपासतात, त्यामुळे लहान उत्पादकांना ती परवडते. मसाल्यात अनेक जिन्नस असतात. मिरची सेंद्रिय आणि धने-खोबरं बाजारातलं, अशा मिश्रणाला ‘सेंद्रिय मसाला’ म्हणता येत नाही. त्यासाठी किमान ९५ टक्के घटक प्रमाणित सेंद्रिय असावे लागतात. आणि ‘रसायनमुक्त’ कृपया लिहू नका. मिरचीचा तिखटपणाच मुळी कॅप्सेसिन या रसायनाचा. कीटकनाशकाचा अंश नाही असं म्हणायचं असेल, आणि प्रयोगशाळेचा अहवाल हाती असेल, तर नेमकं तेच लिहा.

तर तुमच्या पुडीवर, प्रमाणपत्राचा कागद हाती येईपर्यंत, मी एवढंच छापेन: ‘पिशवी प्लास्टिकची आहे. रिकामी झाल्यावर सुक्या कचऱ्यात टाका.’ प्रमाणपत्र मिळालं तर: ‘पिशवी कंपोस्टयोग्य (आयएस १७०८८), फक्त औद्योगिक खत प्रकल्पात’, आणि खाली क्रमांक.

शुद्धलेखनाचं एक राहिलं. ‘पर्यावरणपूरक’, ‘जैवविघटनशील’, ‘कंपोस्टयोग्य’ हे सगळे जोडून लिहायचे, मधे मोकळी जागा नको. आणि संस्कृत संधीचे नियम काटेकोर लावले तर ‘पुनर्चक्रण’ चूक आहे. पुढे ‘च’ आला की ‘पुनश्चक्रण’ व्हायला हवं, जसं ‘पुनश्च’. पण तसं लिहिलेलं लेबल वाचून गिऱ्हाईक थबकेल, तेव्हा ‘पुनर्चक्रण’च राहू द्या.