पहिला जोक कुणी केला?

प्रश्न : यंदाच्या जत्रेत काल्याला, म्हणजे दशावतारी नाटकात, संकासुर हा गमत्या राक्षस आला तेव्हा आमचा नातू हसून हसून लोळला, आणि घरी आल्यावर विचारतो, आजोबा, जगातला पहिला जोक कुणी केला? मला काय सुचेना. तुम्हीच सांगा.
– एक आजोबा, फोंडा

उत्तर : आजोबा, नातवाला सांगताना जरा जपून, कारण लिहिलेला सगळ्यात जुना जोक म्हणून जो दाखवतात तो चक्क पादण्यावरचा आहे! सुमेरियन लोकांचा, म्हणजे आजच्या दक्षिण इराकातला, साधारण इ.स.पू. १९०० चा. आजवर कधीच घडलं नाही असं काय, तर तरणी बायको नवऱ्याच्या मांडीवर बसली आणि पादली नाही. बस, एवढाच. अर्थात हा मातीच्या पाटीवर सापडला म्हणून पहिला, लोक त्याच्या आधी कधीपासून खिदळत असतील ते कोण सांगणार.

नातवासाठी ग्रीकांचा घ्या. 'फिलोगेलोस' नावाचा त्यांचा जोकांचा संग्रह आहे, चौथ्या-पाचव्या शतकातला, अडीचशेच्या वर जोक आणि त्यातले खूपसे शिकलेल्या वेड्यावर. एकजण त्याला म्हणतो, तू मला विकलेला गुलाम मेला रे. हा म्हणतो, देवाशपथ, माझ्याकडे होता तेव्हा असं कधी केलं नव्हतं त्याने! (गुलाम मेला यावर हसायचं, हे आज जरा टोचतं, ते सोडा.)

आपल्याकडे भरताच्या नाट्यशास्त्रात हास्य हा वेगळा रस, आणि हसण्याचे सहा प्रकार मोजलेत, गालातल्या गालात हसण्याच्या स्मितापासून पोट धरून हसण्याच्या अतिहसितापर्यंत. पण मला खरी गंमत वाटते ती संस्कृत नाटकातल्या विदूषकाची. जातीने ब्राह्मण, राजाचा दोस्त, सारखं लक्ष खाण्यावर, आणि राजा संस्कृत बोलतो तर हा प्राकृत, म्हणजे लोकांची भाषा. आता आपला संकासुर आठवा, काळा वेष, लाल जीभ, सूत्रधार भारदस्त बोलतोय आणि हा गावच्या बोलीत त्याचा एकेक शब्द वाकडा करतोय. हा विदूषकाचाच वंशज असं मी म्हणत नाही, पण युक्ती तीच की नाही? आणि पुराणात हाच वेद पळवणारा राक्षस, ज्याला मारायला विष्णूला मासा व्हावं लागलं!

तेव्हा नातवाला गुलामाचा जोक सांगा, सुमेरियन बाईचा आजी आत गेल्यावर.