आनंद पटवर्धन यांचे माहितीपट एकतर्फी असतात का, आणि सुरुवात कोणत्यापासून करावी?

आपल्या प्रश्नातला ‘एकतर्फी’ हा शब्द वाचला आणि लिहायला बसले, कारण याच शब्दावरून माझे आणि माझ्या थोरल्या भावाचे कितीतरी वर्षे वाजलेले आहे. दादा वृत्तपत्रात उपसंपादक होता आणि माहितीपटात दिग्दर्शकाचा आवाज ऐकू येताच कामा नये, असे त्याचे ठाम मत आहे.

पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’ आम्ही नाशिकच्या एका वस्तीतील बुद्धविहारात दाखवला, तेव्हा दादा माझ्या शेजारी बसला होता. भिंतीवर चादर ताणली होती आणि पंख्याच्या वाऱ्याने ती फडफडू नये म्हणून दोन मुले तिची टोके धरून उभी होती. चित्रपट तीन तासांहून मोठा, म्हणून बायका भाकऱ्या थापून, चूल आवरूनच आल्या होत्या. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले आणि त्या धक्क्याने शाहीर विलास घोगरे यांनी चार दिवसांनी आपले आयुष्य संपवले, तिथून हा चित्रपट सुरू होतो. घोगऱ्यांचे गाणे लागले, तशा एक आजी उठल्या आणि त्यांनी पंखा बंद केला, कारण त्याच्या खरखरीत शब्द बुडत होते. मे महिन्याच्या उकाड्यात माणसे शेवटपर्यंत तशीच बसून राहिली.

बाहेर आल्यावर दादाने विचारले, “दुसरी बाजू कुठे आहे?” त्या रात्री मला नीट उत्तर देता आले नाही, ते आता देते. पटवर्धन कॅमेऱ्यामागून साधा प्रश्न विचारतात आणि समोरच्याला बोलू देतात. ‘हमारा शहर’मध्ये (१९८५) झोपड्या हटवा म्हणणारे सुखवस्तू नागरिक आणि अधिकारी स्वतःच्याच तोंडाने बोलतात. त्याच चित्रपटात घर उद्ध्वस्त झालेली एक बाई दिग्दर्शकालाच फैलावर घेते, की आमचे चित्रण करून तुम्ही नाव कमावणार, आम्हाला काय मिळणार? स्वतःवरचा हा आरोप त्यांनी कापला नाही. आपला आवाज लपवणाऱ्या, म्हणून तटस्थ समजल्या जाणाऱ्या वृत्तपटांत मला एवढा प्रामाणिकपणा दिसलेला नाही. पटवर्धन बाजू घेतात, आणि ती उघडपणे घेतात. ‘जय भीम कॉम्रेड’साठी त्यांनी चौदा वर्षे दिली, इतका काळ माणसांसोबत राहिल्यावर कोणाची बाजू घ्यायची हे ठरवण्याचा अधिकार मिळतो, असे मी मानते.

त्यांच्या काही चित्रपटांत निवेदन गरजेपेक्षा जास्त समजावून सांगते, हे मात्र मलाही खटकते, आणि दादाचा तेवढा मुद्दा मी मान्य करते. सुरुवात ‘हमारा शहर’पासून करावी, मग अयोध्येच्या वादावरचा ‘राम के नाम’, आणि ‘जय भीम कॉम्रेड’ त्यानंतर, शक्य असल्यास चार माणसांसोबत बसून.