पेज थ्रीवर लिहायला नव्याने येणाऱ्या मैत्रिणीला

पार्टीत आत कसं शिरायचं, असं तू विचारलंस. ते सोपं आहे गं. यजमानाची प्रसिद्धी सांभाळणारे पीआरवाले स्वतःच आमंत्रणं पाठवतात. अवघड आहे ते बाहेर पडल्यावर काय छापायचं हे ठरवणं.

1994 मध्ये 'टाइम्स ऑफ इंडिया'ची 'बॉम्बे टाइम्स' ही पुरवणी निघाली आणि तिच्या तिसऱ्या पानावरून मुंबईच्या या सगळ्या पार्ट्यांच्या वर्तुळालाच 'पेज थ्री' नाव पडलं. पुढे काही पुरवण्यांत पैसे मोजून फोटो छापून घेता येऊ लागले, त्यामुळे वाचक आता आपल्याकडे संशयानेच बघतो. म्हणून यजमानाची भेटवस्तू घेऊ नकोस, अगदी अत्तराची बाटलीसुद्धा.

बातमी यजमान देत नाही. ती केटरर, फुलवाला, डिझायनरचा मास्टरजी यांच्याकडे असते. त्यांची आपुलकीने चौकशी करत राहा आणि त्यांचं नाव कधीही फोडू नकोस, संपादकाने दटावलं तरी.

नाव न छापता खुणा देऊन लिहिलं की आपण सुटलो, असं नवख्यांना वाटतं. माणूस ओळखता येत असेल तर बदनामीचा खटला होऊ शकतो. भारतीय न्याय संहितेचं 356 कलम नीट वाच. नुसतं खरं असून भागत नाही, ते छापणं लोकहिताचंही असावं लागतं.

आजारपण आणि मुलं यांच्यावर लिहू नकोस. मी एकदा एका बाईंच्या आजाराबद्दल लिहिलं होतं. त्यांच्या मुलीला ते शाळेत कळलं. मला ते आजही सलतं.